फॉग लाइटचा बल्ब बदलायचं काम: छोट्या गावात ऑटो इलेक्ट्रिकचा धंदा असा पक्का होतो



आजचा धडा एका छोट्या वस्तूवर आहे: गाडीच्या पुढच्या बंपरमध्ये खाली दोन बाजूंना बसवलेल्या फॉग लाइटचा बल्ब. तुम्ही म्हणाल, बल्ब बदलणं हा काय धंद्याचा विषय झाला? झाला. कारण या एका कामात दुकानदाराची सगळी परीक्षा होते. मालाची माहिती आहे का, हात स्वच्छ चालतो का, हिशोब येतो का, आणि सगळ्यात अवघड म्हणजे, गिऱ्हाईक चुकीची वस्तू मागत असेल तर त्याला न दुखावता नाही म्हणता येतं का.

हे शेवटचं नीट लक्षात ठेवा. आजचा सगळा धडा त्याच्यावरच उभा आहे.

गिऱ्हाईक कुठून येणार?

उदाहरणासाठी आपण वाशिम जिल्ह्यातलं जऊळका घेऊ. मालेगाव तालुक्यातलं हे गाव. अकोला-पूर्णा रेल्वेमार्गावर इथे स्टेशन आहे, म्हणून लोक जऊळका रेल्वे असंच म्हणतात. शेलूबाजारकडून मालेगावकडे जाणारा रस्ता इथून जातो. मालेगावातून पुढे एकीकडे वाशिम, दुसरीकडे मेडशी-पातूर करत अकोला. शिवाय समृद्धी महामार्ग कारंजा, मंगरूळपीर, मालेगाव या तालुक्यांतून गेलेला आहे. त्याचा नागपूर ते शिर्डी हा पहिला ५२० किलोमीटरचा टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजी सुरू झाला आणि जून २०२५ मध्ये ७०१ किलोमीटरचा पूर्ण रस्ता खुला झाला.

आता जऊळक्यात ऑटो इलेक्ट्रिकचं दुकान टाकायचं ठरवलेल्या तरुणाने काय पाहावं? गावात कार किती आहेत, एवढंच नाही. कोणती गाडी कोणत्या वेळेला रस्त्यावर असते, हे पाहावं. पहाटे भाजीचा पिकअप निघतो. दूधवाल्याची गाडी निघते. अकोल्याला दवाखान्यात जाणारं कुटुंब सकाळी पाचला निघतं. लग्नाची गाडी रात्री दोनला परत येते. शेगावच्या दर्शनाला जाणारे भल्या पहाटे निघतात. डिसेंबर-जानेवारीत नदीनाल्याच्या, धरणाच्या आणि ओलिताच्या शेतांच्या बाजूला सकाळी धुकं उतरतं. पावसाळ्यात झड लागली की पातूरच्या घाटात समोरचं दिसत नाही. सोयाबीन काढणीच्या दिवसांत मळणी यंत्रांची धूळ रस्त्यावर येते.

या सगळ्यांना फॉग लाइट लागतो. पण बंपरमध्ये खाली असल्यामुळे तो बंद पडलाय हे मालकाला महिनोन् महिने कळतच नाही. ज्या दिवशी लागतो त्या दिवशी कळतं. म्हणजे गिऱ्हाईक आहे, त्याची गरज आहे, फक्त ती कोणी दाखवून दिलेली नाही. छोट्या उद्योजकाची जागा नेमकी इथेच असते.

आधी समजून घ्या: धुक्यात दिवा काय करतो?

जे विकायचं ते का चालतं हे तुम्हाला माहीत पाहिजे. नाहीतर तुम्ही फक्त खोकं इकडून तिकडे देणारे.

धुकं म्हणजे हवेत तरंगणारे पाण्याचे बारीक थेंब. हवामान खात्याच्या भाषेत दृश्यमानता १००० मीटरच्या खाली गेली की धुकं, २०० मीटरच्या खाली गेली की दाट आणि ५० मीटरच्या खाली गेली की अतिदाट. अशा वेळी हेडलाइट हाय बीमवर टाकला तर काय होतं? प्रकाश समोरच्या थेंबांवर आपटतो आणि चालकाच्याच डोळ्यात परत येतो. समोर पांढरी भिंत उभी राहते. म्हणजे जास्त प्रकाश टाकला आणि कमी दिसलं.

फॉग लाइट वेगळं काम करतो. तो खाली बसवलेला असतो. त्याचा प्रकाश रुंद आणि चपटा पसरतो, आणि वरच्या बाजूला तो एका रेषेत कापलेला असतो. त्या रेषेच्या वर प्रकाश जवळजवळ जात नाही. त्यामुळे चालकाच्या नजरेच्या पट्ट्यातलं धुकं उजळत नाही, आणि रस्त्याची कड, पांढरा पट्टा, साइडपट्टी दिसत राहते. फॉग लाइट लांबचं दाखवण्यासाठी नसतोच. जवळचं आणि बाजूचं दाखवण्यासाठी असतो.

आता थोडं गणित करा. ताशी ६० किलोमीटर म्हणजे सेकंदाला साधारण १७ मीटर. समोर काही दिसल्यावर पाय ब्रेकवर जाईपर्यंत दीड सेकंद धरला तर २५ मीटर गाडी तशीच जाते. कोरड्या रस्त्यावर चांगले ब्रेक असले तरी पुढे थांबायला आणखी २० मीटर लागतात. झाले ४५ मीटर. आणि दिसतंय फक्त ३० मीटर! मग बिनालाइटचा ट्रॅक्टर-ट्रॉली समोर असेल तर काय होईल, ते सांगायला नको. ताशी ४० वर हाच हिशोब साधारण २६ मीटरचा होतो. म्हणून गिऱ्हाईकाला पहिलं वाक्य हे सांगायचं: फॉग लाइट वेग वाढवायला नाही, कमी वेगात गाडी रस्त्यावर ठेवायला असतो.

हे वाक्य सांगणारा दुकानदार आणि न सांगणारा दुकानदार यांच्यात फरक पडतो. लोक लक्षात ठेवतात.

बल्बचा नंबर: इथे चूक झाली तर महागात पडते

फॉग लाइटला एकच बल्ब नसतो. गाडीनुसार नंबर बदलतो. नेहमी भेटणारे हे आहेत:

- एच-११: १२ व्होल्ट, ५५ वॅट, साधारण १३५० लुमेन.
- एच-८: ३५ वॅट, साधारण ८०० लुमेन.
- एच-१६: १९ वॅट, साधारण ५०० लुमेन.
- एच-३: ५५ वॅट. याला मागे एक छोटी वायर असते आणि तारेच्या क्लिपने तो दाबून बसतो.
- एच-२७, ज्याला बाजारात ८८० किंवा ८८१ म्हणतात: २७ वॅट.
- एचबी-४, म्हणजेच ९००६: ५१ वॅट.

पहिले तीन नीट बघा. एच-८, एच-११ आणि एच-१६ हातात घेतले तर भाऊ-भाऊ वाटतात. फरक बैठकीच्या खाचेत असतो. कंपनीने तो मुद्दाम ठेवला आहे, एकाच्या जागी दुसरा बसू नये म्हणून. पण आपल्याकडे काही ठिकाणी खाच घासून बसवून देतात. "बसतोय ना, झालं!"

झालं नाही. जिथे १९ वॅटचा बल्ब होता तिथे ५५ वॅटचा गेला तर उष्णता जवळजवळ तिप्पट झाली. तो फॉग लॅम्प १९ वॅटच्या हिशोबाने बनवलेला आहे. आतलं प्लॅस्टिक वितळतं, रिफ्लेक्टरची चकाकी जळते, काच पिवळी पडते. बल्ब काही शे रुपयांचा, पण पूर्ण फॉग लॅम्प बदलायचा म्हटलं की त्याच्या कितीतरी पट खर्च. आणि शिव्या कोणाला? तुम्हाला.

वायरिंगचाही हिशोब आहे. वॅटला व्होल्टने भागलं की अँपिअर मिळतात. ५५ भागिले १२ म्हणजे साडेचार अँपिअरच्या वर. दोन बल्बचे नऊच्या वर. कंपनी फ्यूज आणि वायर त्याच अंदाजाने देते. कोणी १०० वॅटचे दोन बल्ब टाकले तर १६ अँपिअरच्या वर करंट जातो. फ्यूज उडतो. मग कोणीतरी हुशार माणूस मोठा फ्यूज टाकतो. त्यानंतर फ्यूज उडत नाही, होल्डर आणि वायर वितळते. गाडीला आग लागण्याचा रस्ता असाच तयार होतो.

म्हणून दुकानाचा पहिला नियम भिंतीवर लिहून ठेवा: गाडीच्या पुस्तिकेत जो नंबर आणि जो वॅट, तोच बल्ब. पुस्तिका नसेल तर जुना बल्ब काढून त्याच्या बुडावरचा नंबर वाचा. मात्र जुना बल्ब आधीच कोणी चुकीचा टाकलेला असू शकतो. म्हणून फॉग लॅम्पच्या मागच्या बाजूला कोरलेला नंबरही बघा आणि दोन्ही जुळवा.

"भाऊ, जोरदार एलईडी टाकून दे!"

हे वाक्य तुम्ही रोज ऐकणार. खरी परीक्षा इथे आहे.

हॅलोजन बल्बमध्ये प्रकाश एका बारीक तारेतून निघतो. ती तार नेमकी कुठे आहे, त्यावर रिफ्लेक्टरचा आकार ठरवलेला असतो. एलईडीची चिप चपटी असते आणि दोन बाजूंना असते. तिची जागा तारेपेक्षा थोडी जरी हलली तरी ती वरची कापलेली रेष पुसट होते. प्रकाश वर उडतो. गाडीच्या मालकाला वाटतं, वा, काय उजेड पडलाय! कारण त्याला समोर सगळं पांढरं दिसतं. पण धुक्यात तोच प्रकाश भिंत होऊन परत येतो, आणि साध्या रात्री समोरून येणाऱ्या मोटारसायकलवाल्याचे डोळे दिपतात. तो मोटारसायकलवाला तुमच्याच गावचा असतो, बरं का.

कायद्याची बाजूही माहीत असू द्या. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मध्ये पुढच्या दिव्यांबद्दल स्पष्ट आहे: प्रकाश खाली झुकलेला पाहिजे, ८ मीटरवरच्या माणसाचे डोळे दिपता कामा नयेत. आणि मोटार वाहन कायदा, १९८८ चं कलम ५२ गाडीत मनाने बदल करण्यावर बंधन घालतं. दंड गाडीमालकाला होईल, पण तो विचारणार तुम्हालाच.

याचा अर्थ एलईडी वाईट, असा नाही. ज्या गाडीत कंपनीनेच एलईडी फॉग लॅम्प दिला आहे, तिथे रिफ्लेक्टर, भिंग आणि चिप एकमेकांसाठी बनवलेले असतात. तिथे तो उत्तम चालतो. अडचण हॅलोजनच्या घरात एलईडीचा पाहुणा आणून बसवण्यात आहे. शिवाय त्याच्या मागे पंखा किंवा धातूचा जाड भाग असतो. मागचं झाकण बसत नाही, रबर रिंग नीट बसत नाही, पावसाचं पाणी आत जातं. काही नव्या गाड्यांत कमी करंटमुळे डॅशबोर्डवर बल्ब गेल्याची खूणही दिसायला लागते.

मग गिऱ्हाईकाशी बोलायचं कसं? भाषण द्यायचं नाही. त्याला विचारायचं:

"काका, गाडी रात्री कोणत्या रस्त्याने जाते?"
"अकोल्याले. घाटात काहीच दिसत नाही ना."
"बल्ब बंद आहे, का चालू असून दिसत नाही?"
"चालू आहे, पण मिणमिण करते."
"मग आधी पाच मिनिटं करंट तपासतो. बल्ब चांगला असला तर नवीन घ्यायची गरजच नाही."

बघा काय झालं. तुम्ही त्याला नाही म्हटलंच नाही. तुम्ही त्याची खरी अडचण धरली. त्याला एलईडी नको होता, त्याला घाटात रस्ता दिसायला हवा होता. आणि "गरजच नाही" हे शब्द दुकानदाराच्या तोंडून ऐकले की माणूस पुढच्या वेळी दुसरीकडे जात नाही.

काही जण तरीही म्हणतील, तू टाकत नसशील तर वाशिमवरून टाकून आणतो. जाऊ द्या. दहातला एक जाईल. पण उरलेल्या नऊ जणांना कळेल की या दुकानात माणूस विकायचं म्हणून विकत नाही.

मिणमिण का करतो? बहुतेक वेळा दोष बल्बचा नसतो

हॅलोजन बल्ब व्होल्टेजला फार हळवा असतो. व्होल्टेज ५ टक्के कमी झालं तरी प्रकाश साधारण १५ टक्क्यांनी घटतो. म्हणून मल्टिमीटर काढा. इंजिन चालू ठेवून बॅटरीवर व्होल्टेज बघा. बहुतेक गाड्यांत साडेतेरा ते साडेचौदाच्या आसपास मिळेल. मग फॉग लाइट चालू ठेवून त्याच्या कप्लरवर बघा. अर्ध्या व्होल्टपेक्षा जास्त फरक आला तर वाटेत कुठेतरी करंट अडतोय.

कुठे? आपल्या भागात बहुतेक अर्थिंगला. बंपरच्या खाली चिखल, पाणी, धूळ सतत लागते. अर्थची वायर जिथे बॉडीला बसते तो स्क्रू गंजतो. कप्लरच्या पिना हिरव्या पडतात. स्क्रू काढून जागा घासा, पिना कॉन्टॅक्ट क्लीनरने साफ करा, परत घट्ट बसवा. अनेकदा तोच जुना बल्ब नव्यासारखा पेटतो.

काचही बघा. काचेवर खडी लागून धुरकटपणा आला असेल तर बल्ब कितीही चांगला टाका, उपयोग नाही. आत थोडी वाफ दिसली आणि दिवा चालू केल्यावर गेली तर चिंता नाही. आत पाण्याचे थेंब साचलेले असतील तर सील गेलं आहे, ते आधी सांगा.

या तपासणीचे पैसे घ्यायचे का? घ्यायचे, पण आधी सांगून. "तपासणी पन्नास रुपये, बल्ब बदलला तर मजुरीत वजा." फुकट तपासणीची सवय लावली की तुमच्या डोक्याला किंमत उरत नाही.

पिवळा की पांढरा?

हा प्रश्नही रोजचा. पिवळा प्रकाश धुकं भेदून जातो, असं लोक मानतात. खरं सांगायचं तर धुक्याचे थेंब प्रकाशाच्या लहरींपेक्षा बरेच मोठे असतात, त्यामुळे पिवळा आणि पांढरा जवळजवळ सारखेच विखुरतात. मग पिवळ्याचा फायदा काय? त्यात निळा भाग नसतो. निळसर पांढरा प्रकाश डोळ्यांना जास्त टोचतो, पिवळा कमी. फ्रान्समध्ये १९९३ पर्यंत गाड्यांना पिवळे हेडलाइट सक्तीचे होते.

गिऱ्हाईकाला एवढंच सांगा: साधा हॅलोजन ३२०० केल्विनच्या आसपासचा, मुळातच पिवळट असतो, तो पुरेसा आहे. आणखी पिवळा आवडत असेल तर त्याच वॅटमधला घ्या. ६००० केल्विन किंवा त्यावरचा निळसर बल्ब धुक्यासाठी टाळा. खोक्यावरचा केल्विनचा आकडा म्हणजे रंग. तो मोठा असला म्हणजे प्रकाश जास्त, असं अजिबात नाही.

बदलायची पद्धत, पायरी पायरीने

१. गाडी सपाट जागी घ्या, हँडब्रेक लावा, दिवे आणि इंजिन बंद करा. दिवा नुकताच चालू असेल तर पंधरा मिनिटं थंड होऊ द्या. हॅलोजन बल्ब बोट भाजवतो.

२. बऱ्याच गाड्यांत फॉग लॅम्पच्या मागे हात घालायला चाकामागचं प्लॅस्टिक कव्हर थोडं सोडावं लागतं. ज्या बाजूचं काम आहे तिकडे जागा मोकळी होईल असं स्टिअरिंग वळवा. स्क्रू काढा, क्लिपा उचला. क्लिपा जुन्या असल्या की तुटतात, म्हणून दुकानात क्लिपांचं पाकीट ठेवा. काही गाड्यांत खालून हात जातो. गाडी उचलावी लागली तर फक्त जॅकवर ठेवून खाली शिरायचं नाही. घोडा लावायचाच.

३. कप्लरचं लॉक दाबून कप्लर काढा. वायर धरून ओढू नका.

४. एच-८, एच-११, एच-१६ सारखा बल्ब घड्याळाच्या उलट दिशेने साधारण पाव फेरा फिरवला की बाहेर येतो. एच-३ असेल तर मागचं झाकण काढून तारेची क्लिप दाबून बाजूला करा.

५. नवीन बल्बच्या काचेला उघडं बोट लावू नका. हाताचं तेल काचेवर राहतं, तिथे काच जास्त तापते आणि बल्ब लवकर जातो. हातमोजे घाला किंवा स्वच्छ कापडाने धरा. चुकून हात लागलाच तर स्पिरिटने पुसून, सुकू द्या.

६. रबर रिंग जागेवर आहे का बघा. खाच जुळवून बल्ब बसवा आणि घट्ट होईपर्यंत फिरवा. जोर लावावा लागत असेल तर थांबा. नंबर चुकला आहे किंवा बल्ब तिरका गेला आहे.

७. कप्लर टक आवाज येईपर्यंत बसवा. कव्हर लावण्याआधी दिवा चालू करून बघा.

८. एक बल्ब गेला असेल तर दुसऱ्याचंही वय तेवढंच आहे, हे गिऱ्हाईकाला सांगा. निर्णय त्याचा. जोडीने बदलले तर दोन्ही बाजूंचा उजेड सारखा राहतो.

भिंतीवरची पाच मिनिटं

हे काम फार थोडे लोक करतात, म्हणून तुम्ही करा. दुकानासमोर सपाट जागा आणि एक पांढरी भिंत लागते, बस्स. गाडी भिंतीपासून साडेसात मीटरवर उभी करा. फॉग लाइटच्या मध्याची जमिनीपासून उंची मोजा आणि तेवढ्या उंचीवर भिंतीवर खडूने आडवी रेघ मारा. प्रकाशाची वरची कड त्या रेघेच्या साधारण दहा सेंटिमीटर खाली पडायला हवी. गाडीच्या पुस्तिकेत वेगळं माप दिलं असेल तर ते पाळा. कड वर असेल तर फॉग लॅम्पचा सेटिंग स्क्रू फिरवून खाली घ्या.

हे गिऱ्हाईकाला उभं करून दाखवा. आधी आणि नंतरचा फोटो त्याच्याच मोबाइलमध्ये काढून द्या. तो फोटो चहाच्या टपरीवर चार जणांना दाखवला जातो. याहून स्वस्त जाहिरात नाही.

आता पैशाचं गणित

हे आकडे समजण्यासाठी घेतलेले आहेत. तुमच्या गावचे तुम्ही टाका.

समजा दुकानाचं भाडं ३,००० रुपये, वीज ८००, किरकोळ १,२०० आणि तुमचा स्वतःचा पगार १५,०००. महिन्याचा खर्च २०,०००. स्वतःचा पगार धरायचाच, तो विसरलात तर धंदा नफ्यात दिसतो आणि घर तोट्यात जातं. महिन्याचे २५ दिवस, रोज ८ तास म्हणजे २०० तास. पण सगळे तास काम नसतं. निम्मे धरा, १०० तास. म्हणजे तुमच्या कामाचा एक तास २०० रुपयांना पडतो. दोन्ही बाजूंचे बल्ब आणि सेटिंगला पाऊण तास लागला तर तुमचा खर्च १५० रुपये झाला.

आता दोन वाटा बघा.

पहिली वाट: स्वस्त एलईडीची जोडी. एका जोडीवर ६०० रुपये सुटतात, मजुरी त्यातच. दहा जोड्यांचे ६,०००. दहा वेळा बसवायचा खर्च १,५००. उरले ४,५००. त्यातल्या तीन परत आल्या. प्रत्येक वेळी ९०० रुपयांची नवी जोडी आणि १५० रुपयांचा वेळ, म्हणजे ३,१५०. हातात १,३५०.

दुसरी वाट: योग्य नंबरचा हॅलोजन. एका बल्बवर १०० सुटले, जोडीवर २००. मजुरी आणि सेटिंगचे २५०. एका कामाचे ४५०, दहा कामांचे ४,५००. वेळेचा खर्च १,५००. उरले ३,०००. एक बल्ब लवकर गेला आणि तो तुम्ही बदलून दिला, ३५० गेले. हातात २,६५०.

पहिल्या वाटेत गल्ल्यात पैसा मोठा दिसतो, दुसऱ्या वाटेत खिशात जास्त राहतो. आणि परत आलेल्या तीन गिऱ्हाईकांची नाराजी तर आपण मोजलीच नाही.

माल किती भरायचा?

सुरुवातीला सगळे नंबर भरू नका. गावातल्या आणि रोज रस्त्यावरून जाणाऱ्या गाड्यांची आठवडाभर नोंद करा. ज्या दोन नंबरांची गरज जास्त निघेल त्यांचे चार-चार बल्ब आणि बाकी तीन नंबरांचे दोन-दोन. झाले चौदा. एक २५० रुपयांना धरला तर ३,५०० रुपयांचा माल. बाकीचं वाशिम किंवा अकोल्याहून दुसऱ्या दिवशी येतं. कपाटात पडलेला बल्ब म्हणजे अडकलेला पैसा.

बल्ब घेताना खोकं नको, बूड बघा. बुडावर नंबर, व्होल्ट, वॅट आणि गोलातलं ई चिन्ह स्पष्ट कोरलेलं असावं. पुरवठादाराकडून पक्कं बिल घ्या, नाहीतर वॉरंटीत माल बदलून मिळणार नाही. हत्यारांत मल्टिमीटर, टेस्ट लॅम्प, क्लिपा उचलायचं हत्यार, हातमोजे, स्पिरिट आणि कॉन्टॅक्ट क्लीनर एवढ्यावर सुरुवात होते.

भांडवल कमी पडत असेल तर मुद्रा योजनेच्या शिशू गटात ५०,००० रुपयांपर्यंत कर्ज मिळू शकतं. उद्यम नोंदणी सरकारी संकेतस्थळावर मोफत होते, त्यासाठी कोणालाही पैसे देऊ नका. पण कर्ज माल भरायला घेण्याआधी आठवड्याची नोंदवही पूर्ण करा. बँकेतला साहेबही तेच विचारणार: गिऱ्हाईक किती?

एक वही, दोन ओळी

प्रत्येक गाडीची दोन ओळींत नोंद ठेवा. पहिली ओळ: गाडी कोणती, बल्बचा नंबर, तारीख. दुसरी ओळ: काय आढळलं. अर्थिंग साफ केलं, उजवी काच धुरकट, वगैरे. दिवाळी झाली की त्या वहीतून फोन लावा: "दादा, धुक्याचे दिवस आलेत. फॉग लाइट चालू आहेत का बघून घ्या. इकडून गेलात तर दोन मिनिटं थांबा." यात विक्री नाही, आठवण आहे. पण त्या दोन मिनिटांत वायपर, ब्रेक लाइट, इंडिकेटर, बॅटरी सगळं नजरेखालून जातं. फॉग लाइटचा बल्ब हा दार उघडण्यापुरता असतो. आतमध्ये पूर्ण ऑटो इलेक्ट्रिकचं काम बसलेलं असतं.

गिऱ्हाईक निघताना त्याला तीन गोष्टी सांगून पाठवा. धुक्यात फॉग लाइटसोबत लो बीम लावा, हाय बीम नको. स्वच्छ रात्री फॉग लाइट बंद ठेवा. आणि जेवढं दिसतं तेवढ्यात थांबता येईल, एवढाच वेग ठेवा.

या आठवड्याचा गृहपाठ

१. तुमच्या गावाच्या रस्त्यावर सकाळी पाच ते सात उभे राहा. जाणाऱ्या गाड्या मॉडेलनुसार मोजा. तीन दिवस.

२. त्यातल्या पहिल्या पाच मॉडेलच्या पुस्तिकेतून फॉग लाइटचा नंबर आणि वॅट लिहून काढा. ज्या गाडीला फॉग लाइटच नाही, तिचीही नोंद करा.

३. तुमच्या कामाचा एक तास किती रुपयांना पडतो ते काढा. स्वतःचा पगार धरून.

४. आरशासमोर उभं राहून म्हणा: "काका, याची तुम्हाला गरज नाही." पहिल्यांदा जड जातं. धंदा याच वाक्याने टिकतो.

वहीत लिहा, नुसतं वाचून सोडू नका. पुढच्या भागात याच दुकानात बॅटरी तपासणीचं काम कसं जोडायचं ते बघू.

भेटू या. तोपर्यंत गाडी जपून चालवा आणि धंदा डोळे उघडे ठेवून करा.